शऱ्या, सरबत माझ्यामुळेच कडू झालं होतं

प्लेनो, टेक्सास
गुरुवार, रात्री साडेअकरा

प्रिय शऱ्या,

सप्रेम नमस्कार वगैरे. पाच महिने ना पत्र, ना फोन. त्याबद्दलच्या शिव्या एकरकमी दे, हप्त्याने नकोत. तब्येत बरी आहे, गुडघा तसाच.

पत्राचं कारण वेगळंच आहे. आत्ता फ्रीजमधून लिंबाच्या रसाची काचेची बरणी काढली, चमचाभर चाखलं आणि एस.वाय.च्या गॅदरिंगचं आपलं लिंबू सरबत थेट जिभेवर आलं. तोच कडवटपणा. तोंडात घेताना काही नाही, गिळलं की मागून येतो. तू तेव्हा घसा फोडून सांगत होतास की रस आदल्या रात्री काढू नकोस, आणि काढलासच तर साली पिळवटू नकोस. मी तीस वर्षं मंडईवाल्याच्या नावाने खडे फोडतोय. लेका, लिंबं चांगली होती. चूक माझी होती. हे वाक्य कापून देवघरात लाव.

शनिवारी आमच्याकडे वीस माणसं आहेत. चार न पिणारी, सोळा पिणारी, आणि मार्गारिटा, म्हणजे टकीला-लिंबाचं कॉकटेल, माझ्या गळ्यात. एकेक ग्लास बर्फात घुसळत बसलो तर बत्तीस ग्लास होईपर्यंत पाहुणे घरी जाऊन झोपतील. म्हणून एकदम मोठं भांडंभर करायचं ठरवलंय. हिशोब सोपा आहे, बाटलीनेच मोजायचा. ७५० मिलीच्या दोन बाटल्या टकीला, तेवढीच एक बाटली ट्रिपल सेक (संत्र्याच्या सालीची गोड दारू), तीच बाटली भरून लिंबाचा रस. एका ग्लासात ४५ मिली टकीला आणि बाकी दोन्ही साडेबावीस-साडेबावीस, असं ते प्रमाण पडतं. कागद-पेन्सिल नको, मापाचा पेला नको, रिकामी बाटलीच माप.

इथपर्यंत कुणीही पोचतो. माझी झोप उडालीय ती पाचव्या बाटलीपायी. पाणी!

हसू नकोस. एक ग्लास बर्फात दहा-पंधरा सेकंद जोरात हलवला की बर्फ वितळून साधारण पाव भाग पाणी त्यात जातं. ते पाणी भेसळ नाही, कृतीचाच भाग आहे. त्याशिवाय टकीला घशाला ओरबाडते आणि रस दात आंबवतो. मोठ्या भांड्यात घुसळणं नाही, म्हणजे ते पाणीही नाही. लोक हे विसरतात, मग पहिला घोट घेऊन ‘फार कडक झालीय’ म्हणतात आणि वर साखर ओततात. साखरेने कडकपणा जात नाही, नुसता गोड कडकपणा होतो. तीन लिटर मालाला पाऊण लिटर थंडगार पाणी आधीच घालायचं. पण शनिवारी ग्लासात बर्फ असणार आहे. तो वितळत राहणार, म्हणजे पाऊण लिटर जास्त होतं, साडेचारशे-पाचशे मिली पुरे. बर्फ लहान तुकड्यांचा असेल तर त्याहून कमी, कारण तो पटकन विरतो. इथे ऊन असं पडतं की अंगणात ठेवलेला बर्फ बघता बघता पाणी होतो. मी साडेचारशेवर आलोय, तुझं मत हवंय. तुझं मत तीस वर्षांनी ऐकतोय, मान ठेव.

आणि ओतायच्या जगमध्ये बर्फ टाकायचा नाही. यावर आपलं नाशिकला भांडण झालं होतं, आठवतं? तू म्हणत होतास, गार तर झालं पाहिजे. गार करायचं ते बाहेरून. जग बर्फाच्या घमेल्यात ठेवायचा. आत टाकलास तर पहिल्या चार जणांना विष आणि शेवटच्या चार जणांना धुवण.

रसाकडे वळतो, कारण पापाचं मूळ तिथे आहे. इथली लिंबं मोठी, हिरवी, बिनबियांची. एकाला तीसेक मिली रस येतो, म्हणजे पंचवीस लागतील. मी बत्तीस आणतो, चार-पाच कोरडी निघतातच. निवडताना साल गुळगुळीत, पातळ आणि हाताला जड लागणारं घ्यायचं. फ्रीजमधून काढून लगेच कापायचं नाही, तासभर बाहेर ठेवून ओट्यावर तळव्याखाली लाटायचं. पिळणीत अर्धं लिंबू घालताना कापलेली बाजू खाली, भोकांकडे. निम्मं जग उलटं घालतं. बघायला तेच बरोबर वाटतं, वाटीत वाटी बसल्यासारखं. पण तसं घातलं की रस सालीवरून ओघळतो आणि तिचं तेल नको तितकं उतरतं. एकदाच दाबायचं, दोनदा नाही. शेवटच्या दोन थेंबांच्या हावेपायी आतला पांढरा भाग चिरडतो, आणि तिथूनच कडू. आणि काढलेला रस आंबट असल्यामुळे तासागणिक आणखी कडू होत जातो. लिमोनिन की काय ते तू सांगायचास आणि मी तोंड वेंगाडायचो. सकाळचा रस संध्याकाळी चालतो, आदल्या रात्रीचा नाही. आज चाखलेली बरणी काल रात्रीची होती. तीही मी मुठीने पिळलेली, राक्षसासारखी. नशीब, पाव लिटरच होती.

रस गाळायचाच. गर चांगला लागतो हे खरं, पण तोटीवाल्या काचेच्या बरणीत तो बरोबर तोटीत जाऊन बसतो. मग वीस माणसांसमोर यजमान काडीने तोटी कोरत बसतो.

आणखी एक. बागेत उन्हात बसून लिंबं पिळायची नाहीत. हाताला लागलेल्या रसावर ऊन पडलं की कातडी भाजल्यासारखी होते, फोड येतात, मागून काळे डाग महिना-महिना जात नाहीत. त्याला इकडे ‘मार्गारिटा बर्न’ असं नावच आहे. घरात पिळायचं, साबणाने मनगटापर्यंत हात धुवायचे आणि मगच बाहेर जायचं.

तुझ्याकडे मात्र गंमत आहे. मेक्सिकोत ‘लिमोन’ म्हणून जे लहान लिंबू वापरतात ते म्हणजे आपलं कागदी लिंबूच. म्हणजे अस्सल माल पर्वरीच्या बाजारात आणि आम्ही इथे मोठ्या हिरव्या लिंबांवर दिवस काढतोय. फक्त ते जास्त आंबट, म्हणून ७५० ऐवजी ६०० मिलीपासून सुरू कर आणि चाखत वाढव. एकाला पंधरा-वीस मिली रस येतो, पिळायला पोरांना बसव. टकीला महाग वाटली तर गोव्यात हल्ली आपल्या दख्खनच्या घायपातापासून काढलेली दारू मिळते. होय, रेल्वेच्या कडेचं ते काटेरी घायपात, ज्यावर तू खिळ्याने नाव कोरलं होतंस (कुणाचं ते लिहीत नाही, वहिनी पत्र वाचतात). तिला टकीला म्हणता येत नाही. ते नाव निळ्या अगेव्हच्या (घायपाताचीच एक जात) दारूचं, तेही मेक्सिकोतल्या हालिस्को आणि आसपासच्या ठराविक भागात केलेल्या. मार्गारिटाला ती चालते, चव थोडी रानटी येते. फेणी घालू नकोस. तू घालणार हे मला माहीत आहे, तरी लिहून ठेवतो.

टकीला कुठली? बाटलीवर ‘१०० टक्के अगेव्ह’ लिहिलेलं बघायचं. ते नसेल तर कायद्याने ५१ टक्के अगेव्ह असलं तरी पुरतं, बाकीचं उसाचं वगैरे. ब्लांको घ्यायची, पांढरी. लाकडात वर्ष-वर्ष मुरवलेली महागडी बाटली लिंबात बुडवणं म्हणजे पैठणीने ओटा पुसणं.

ट्रिपल सेकमध्ये लोक फसतात. कुठली १५-२० टक्क्यांची आणि पाकासारखी गोड, कुठली, म्हणजे क्वांत्रोसारखी, ४० टक्क्यांची आणि बेताच्या गोडीची. गोड असेल तर वरून काही घालू नये. ४० टक्क्यांची असेल तर सगळ्या मालाला साठ ते शंभर मिली अगेव्हचा पाक, तोही चाखत. आणि तेव्हा लक्षात ठेव, साडेचारशे मिली पाणी धरलं तर ओतताना माल २६ टक्क्यांच्या आसपास असतो. शंभर-सव्वाशे मिलीचा ग्लास म्हणजे इथल्या हिशोबाने दीड पेगाच्या वर. दिसायला सरबत, म्हणून माणूस घटाघट पितो. दोन ग्लासांनंतर गाडीची किल्ली मी काढून घेणार, वाईटपणा आला तरी चालेल.

मीठ! खडे मीठ जाडसर कुटायचं. बारीक आयोडीनवालं काठाला थरच्या थर बसतं आणि विरघळून घोटात उतरतं. काठाला फक्त बाहेरून, तेही अर्ध्याच, म्हणजे नको असेल त्याला दुसरी बाजू आहे. तासभर आधी लावून ग्लास सुकू द्यायचे, नाहीतर ओघळ येतात. आणि सगळ्या मालात अर्धा चमचा मीठ वेगळं, खारट लागण्यापुरतं नाही, कडवटपणा दबण्यापुरतं. आजच्या त्या कडू बरणीत चिमूट टाकून बघितलं. सुधारलं, पण बरं झालं नाही. गॅदरिंगच्या वेळी आपण साखरेचं अख्खं पोतं ओतलं आणि मीठ विसरलो.

क्रम असा ठरवलाय. शुक्रवारी रात्री टकीला आणि ट्रिपल सेक एकत्र करून फ्रीजरमध्ये. नुसत्या दारूचा तिथे बर्फ होत नाही. शनिवारी दुपारी रस काढून गाळून फ्रीजमध्ये. पाहुण्यांच्या तासभर आधी सगळं एकत्र, पाणी, मीठ, चव. रस-पाणी घातलेला माल फ्रीजरमध्ये विसरायचा नाही, त्याचा भुगा होतो. प्रत्येक वेळी ओतण्याआधी ढवळायचं, रस तळाला बसतो.

भुग्यावरून आठवलं. इथे डॅलसमध्येच मारियानो मार्तिनेझ नावाच्या हॉटेलवाल्याने १९७१ साली मऊ आइस्क्रीमच्या यंत्रात मार्गारिटा गोठवली. ब्लेंडरवर दर ग्लासाची चव वेगळी येत होती आणि बारवाले वैतागले होते, म्हणून. ते यंत्र आता वॉशिंग्टनला स्मिथसोनियनच्या संग्रहालयात आहे. शेजाऱ्याने मला तसलं यंत्र भाड्याने घे म्हणून सुचवलं. नाही म्हटलं. त्यात साखर कमी पडली तर दगड होतो, दारू जास्त झाली तर गोठतच नाही. त्याचीच दुसरी सूचना, गोठवलेल्या लाइमेडचा (गोड लिंबू सरबताच्या अर्काचा) डबा, तेवढीच टकीला, तेवढीच बिअर, तेवढंच पाणी. खरं सांगतो, वाईट लागत नाही. पण गोड इतकी की दुसरा ग्लास नको होतो. फायदा म्हण हवं तर.

तुझं काय? मुक्ताच्या ॲडमिशनचं झालं का? वहिनींचा डोळा? छताची गळती पावसाआधी काढ, दरवर्षी तेच लिहितो. पुढच्या पत्रात नीट विचारतो.

फक्त पाण्याचं शुक्रवारपर्यंत कळव. साडेचारशे की पाचशे?

तुझा,
दिल्या

ता. क. : न पिणाऱ्यांसाठी तोच रस, संत्र्याचा रस, पाक, मीठ आणि ऐनवेळी सोडा. जग मुद्दाम निराळ्या रंगाचा, वर मोठ्या अक्षरात चिठ्ठी, आणि टेबल वेगळं. दोन्ही दिसायला सारखीच आणि घरात पोरं आहेत.

ता. क. २ : आईचं पितळी पातेलं मोठं म्हणून त्यात कालवायचा मोह झाला होता. कल्हई उडालीय, कळकलं असतं. स्टीलचं मागून आणलंय.