कोरा कोणी वाजवला?

पॅरिस, रविवार

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही विचारलंत, दुसऱ्यांच्या श्रद्धेवर तू फिल्म कशी करतेस? तेव्हा नीट सांगता आलं नाही.

मी सेनेगलच्या मुरीद लोकांवर काम करते आहे. त्यांचा सूफी पंथ शेख अहमदू बांबा यांचा. फ्रेंच राज्यकर्त्यांना बांबांची धास्ती वाटली, १८९५ मध्ये त्यांना गाबोनला हद्दपार केलं, परतल्यावरही पाळत ठेवली. त्यांचा सगळ्यांना ठाऊक असलेला फोटो एकच, १९१३ चा. पांढरा झगा, अर्धा चेहरा वस्त्राने झाकलेला, एक पाऊल सावलीत हरवलेलं. अंमल फ्रेंचांचा होता तेव्हा काढलेला हा फोटो आज डाकारच्या भिंतींवर आणि टॅक्सींवर आहे, भक्तांनी तो आपलासा केला. कॅमेरा हातात घेतला की मला तोच आठवतो. मी टिपलेलं काही उद्या त्यांना आपलं वाटेल का?

इथल्या त्यांच्या मंडळाला दाहिरा म्हणतात. सगळे जमून बांबांची अरबी काव्यं एका सुरात म्हणतात. आई, ते ऐकताना अंगावर काटा येतो. गेल्या आठवड्यात मी कच्चं संकलन त्यांनाच दाखवलं. दोन पठणांमधल्या शांततेत मी कोरा या त्यांच्याकडच्या तंतुवाद्याचं संगीत टाकलं होतं. एका आजोबांनी हळूच विचारलं, "हे कोणी वाजवलं? तेव्हा तर कोणीच वाजवत नव्हतं."

१९५४ मध्ये फ्रेंच माहितीपटकार झाँ रूश यांनी पाणघोड्याच्या शिकारीवरची फिल्म नायजर नदीकाठच्या शिकाऱ्यांनाच दाखवली होती. पार्श्वसंगीत त्यांच्याच शिकारगाण्याचं. शिकारी म्हणाले, शिकारीला शांतता लागते, गाणं ऐकून जनावर पळून जाईल. रूश यांनी ते संगीत काढून टाकलं. हे मी वर्गात शिकले, वहीत लिहून घेतलं, तरी व्हायचं तेच झालं. शांतता लांबली की प्रेक्षक उठून जाईल ही भीती माझी, आणि तिचं ओझं मी त्यांच्या प्रार्थनेवर टाकलं.

काल रात्री संगीत काढलं. आता तिथे कोणाचा तरी खोकला, चटईची सळसळ आणि जपमाळेच्या मण्यांचा आवाज आहे. दोघी बायकांनी चेहरा दिसू नये असं सांगितलंय, त्यांचे शॉट आज काढून टाकते. मग पुन्हा सगळ्यांना दाखवायचं. आजोबा पुढच्या रांगेत बसणार आहेत.

तुमची लेक