मंत्रीबाई, ओद्रा नदीला औषध नको, मीठ थांबवा

मा. पाउलिना हेनिग-क्लोस्का,
हवामान व पर्यावरण मंत्री, पोलंड

सप्रेम नमस्कार.

मी कोल्हापूरकडचा. दुसऱ्या महायुद्धात तुमचे पाचेक हजार लोक आमच्या वळिवड्याच्या छावणीत राहून गेले, त्यामुळे पोलंड हे नाव घरात लहानपणापासून ऐकलेलं. आता व्रोत्सवाफला ओद्राच्या काठी राहतो. इथे मला मत नाही, कर मात्र वेळेवर भरतो. तेवढ्या हक्कानं लिहितोय.

तुम्हाला रादोस्वाफ गावलिक यांची आठवण करून द्यायची आहे. तुम्ही त्यांना ओळखत असालच. 1980च्या दशकात व्रोत्सवाफजवळ शेखनित्से इथे फेरोक्रोमची, म्हणजे लोखंड-क्रोमियमच्या मिश्रधातूची, भट्टी होती. शहराला ज्या भागातून पिण्याचं पाणी येतं, त्याच्या उशालाच. 'स्वातंत्र्य आणि शांतता' चळवळीतली तरुण मंडळी तिच्याविरुद्ध रस्त्यावर उतरली, आणि तीही कम्युनिस्ट राजवटीत, जेव्हा मोर्चा म्हणजे थेट पोलीस कोठडी. गावलिक याच चळवळीतले. त्या लोकांनी पाण्याला चांगली गाळणी मागितली नाही. भट्टी बंद करा, एवढंच म्हणाले. 1990च्या दशकात ती खरंच विझली.

पुढे 1989 ते 2001 गावलिक सेयममध्ये, म्हणजे पोलंडच्या संसदेच्या कनिष्ठ सभागृहात, खासदार होते. येझी बुझेक यांच्या सरकारात 1997 ते 2000 पर्यावरण खात्याचे उपमंत्री. मग हरित पक्षाच्या उभारणीत. आणि आता? परत ओद्राच्याच काठी, संस्था घेऊन भांडतायत. आमच्याकडे रस्त्यावरून खुर्चीत गेलेले पुष्कळ. खुर्चीतून उठून पुन्हा चिखलात उतरणारा शोधावा लागतो. ते दर वेळी जिंकले असं नाही. पण त्यांचा प्रश्न चाळीस वर्षांत बदललेला नाही: घाण येते कुठून?

तोच प्रश्न तुम्हाला. 2022च्या उन्हाळ्यात ओद्रात सुमारे 360 टन मासे मेले. तेव्हा तुम्ही मंत्री नव्हता, मान्य. सोनेरी शैवालाच्या विषानं ते मेले. पण खाऱ्या पाण्यात वाढणारं हे शैवाल गोड्या नदीत फोफावलं कसं? दक्षिण पोलंडातल्या सायलेशियाच्या कोळसा खाणी जमिनीखालचं खारट पाणी उपसतात आणि ते ओढ्यांतून, उपनद्यांतून ओद्राला मिळतं. खाली तांब्याच्या खाणींचंही येतं. उन्हाळ्यात नदी आटली, पाणी तापलं, की शैवालाला आयती मेजवानी. 2024 मध्ये ओद्राला जोडलेल्या ग्लिवित्से कालव्यावर आणि शेजारच्या जेर्झ्नो दुझे जलाशयात पुन्हा तेच झालं. तेव्हा कालव्यात हायड्रोजन पेरॉक्साइड टाकून शैवाल मारण्याचा प्रयोग झाला. आमच्याकडे याला म्हणतात, आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी.

पाणी सोडायचे परवाने जलव्यवस्थापन संस्था देते आणि ती पायाभूत सुविधा खात्याकडे येते, हे मला ठाऊक आहे. पंचगंगेच्या काठी वाढलोय. या खात्यातून त्या खात्यात फिरणाऱ्या फायली आम्हाला नव्या नाहीत. खालच्या ओद्राच्या राष्ट्रीय उद्यानाचं विधेयक 2025 मध्ये राष्ट्राध्यक्षांनी अडवलं, त्याचाही दोष तुमच्या माथी मारत नाही. 2001 नंतर देशात एकही नवं राष्ट्रीय उद्यान झालेलं नाही, तेव्हा ते किती अवघड आहे ते दिसतंच आहे.

पण मंत्रिमंडळाच्या बैठकीत तुम्ही दोन्ही मंत्री एकाच टेबलाला बसता. पुढच्या बैठकीत एवढं मागा: कुठल्या खाणीला रोज किती टन मीठ सोडायची परवानगी आहे ते लोकांपुढे मांडा. आणि जुलै-ऑगस्टमध्ये नदीचं पाणी ठरावीक पातळीखाली गेलं की खारं पाणी सोडणं त्याच दिवशी थांबेल, अशी अट परवान्यातच घाला. खाणवाले साठवणीच्या तळ्यांचा खर्च पुढे करतील. करू द्या. त्या बैठकीला गावलिकांनाही बोलवा. शेखनित्सेच्या वेळीही कुणीतरी खर्चाचाच हिशेब मांडला असेल, त्यांना विचारा.

आपला,
ओद्राकाठचा एक कोल्हापूरकर