बाबा, आधी कॅमेऱ्यांचं ऐका

अल्मा, विस्कॉन्सिन
८ नोव्हेंबर

ती. बाबांस,
शि. सा. नमस्कार.

दादाने सगळं तुमच्या कानावर घातलंच आहे, तेव्हा आता आडपडदा नको. हो, मी आमच्या घरमालक आजोबांबरोबर हरणांच्या मागे हिंडते. "फॉरेस्ट गार्डची पोरगी अन् शिकारीला?" एवढंच म्हणून तुम्ही फोन आईच्या हातात दिलात. म्हणून हे पत्र. फोनवर तुम्ही मला एक वाक्य पुरं करू देत नाही, कागदावर ते तुम्हाला जमायचं नाही.

पहिलं म्हणजे, मी बंदुकीला हात लावलेला नाही. माझ्याकडे काम आहे ते कॅमेऱ्यांचं. आजोबांचे गुडघे गेलेत, टेकडी चढवत नाही, आणि फोनच्या पडद्यावर हजारो फोटो चाळायचे म्हणजे त्यांच्या डोळ्यांतून पाणी येतं. मी नागझिऱ्याच्या बाजूची, माझे वडील वाघांच्या मोजणीला कॅमेरे बांधायचे, हे त्यांना कळलं मात्र, दुसऱ्याच दिवशी बॅटऱ्या आणि पट्ट्यांचा डबा त्यांनी आमच्या दारात आणून ठेवला.

दुसरं, यात चोरीछुपीचं काही नाही. आपल्याकडे १९७२ च्या कायद्याने शिकार संपली. इथे राज्याचं नैसर्गिक संसाधन खातंच तिचा परवाना देतं. १ जानेवारी १९७३ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्याला आधी शिक्षणवर्ग पुरा करावा लागतो. धनुष्यबाणाचा हंगाम सप्टेंबरच्या मध्यापासून, बंदुकीचे फक्त नऊ दिवस, थँक्सगिव्हिंगच्या (नोव्हेंबरातल्या चौथ्या गुरुवारच्या सणाच्या) आदल्या शनिवारपासून. त्या नऊ दिवसांत कमरेच्या वरचे निम्मे कपडे तरी भडक नारिंगी नाहीतर भडक गुलाबी हवेत, म्हणजे माणूस माणसाला दिसतो. हरीण पडलं की दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पाचच्या आत त्याची नोंद. आजोबा बंदूक नेत नाहीत, क्रॉसबो नेतात, म्हणजे बंदुकीसारखा घोडा दाबून बाण सोडायचं आडवं धनुष्य. मचाणावर चढणं आता होत नाही, म्हणून धुऱ्याला एक लपण उभारलंय, त्यात खुर्ची टाकून बसतात.

मुलूख म्हणाल तर मिसिसिपीच्या काठचा. जुन्या हिमयुगातला बर्फ या पट्ट्यावरून फिरलाच नाही, म्हणून सगळं सपाट झालेलं नाही. उभे कडे, अरुंद दऱ्या, माथ्यावर ओकचं जंगल, खाली मका आणि सोयाबीन. आमचा बफेलो जिल्हा मोठ्या शिंगांच्या पांढऱ्या शेपटीच्या हरणांसाठी अख्ख्या अमेरिकेत नावाजलेला आहे. जमीन हरणाला खाऊ घालते आणि दरी त्याला लपवते, आणखी काय हवं.

आता कॅमेरे. यंत्र तुमच्या ओळखीचंच आहे. समोरून गरम अंग हललं की आतल्या सेन्सरला कळतं आणि फोटो निघतो. तुम्ही वाघासाठी पायवाटेच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर दोन लावायचात, कारण डाव्या कुशीचे पट्टे उजव्या कुशीसारखे नसतात. इथे एकच पुरतो. नर ओळखायचा तो शिंगांवरून: किती टोकं, कुठलं तिरपं, कुठलं मोडलेलं. पण यात एक मेख आहे. वाघाचे पट्टे जन्मभर तेच राहतात, हरणाची शिंगं दर हिवाळ्यात गळून पडतात. पुढच्या वर्षी नवीन शिंगं घेऊन तो आला की हा तोच का, यावर आजोबांच्या स्वयंपाकघरात वाद रंगतो. आकाराची ढब बरीचशी तीच राहते, पण पैज लावावी इतकी नाही. म्हणून फाटका कान, घशावरचा पांढरा डाग, जुन्या जखमेचा वळ असलं काहीतरी शोधून ठेवावं लागतं.

लावायची रीत तुम्हाला शिकवायला नको, तरी इथल्या दोन गोष्टी सांगते. कॅमेऱ्याचं तोंड उत्तरेला ठेवायचं, नाहीतर सकाळ-संध्याकाळचं तिरपं ऊन थेट भिंगात शिरतं आणि नेमका हवा तो फोटो पांढराफट्ट निघतो. समोरचं गवत आणि डहाळ्या कापायच्या, नाहीतर वाऱ्याने हलणाऱ्या, उन्हाने तापलेल्या गवताचेच फोटो भरतात. हे न कापता कॅमेरा लावून गेलेल्या आजोबांच्या जावयाच्या नावाने मी दोन संध्याकाळी खडे फोडले. थंडीत साध्या बॅटऱ्या लवकर मान टाकतात, लिथियमच्याच घालाव्या लागतात. रात्रीच्या प्रकाशाचे दोन प्रकार: एकात दिवे अंधारात मंद लाल दिसतात, दुसऱ्यात काहीच दिसत नाही पण फोटो जरा काळपट येतो. म्हाताऱ्या नरासाठी आजोबा दुसराच वापरतात.

आणि बाबा, इथलं वेळापत्रक पाहून तुम्हाला गंमत वाटेल. आपल्या चितळांत एक नर मखमलीत, म्हणजे वाढत्या शिंगांवरच्या मऊ कातडीत, असतो आणि त्याच कळपात दुसऱ्याची शिंगं टणक झालेली असतात. इथे दिवसाची लांबी सगळ्यांना एकाच दावणीला बांधते. उन्हाळाभर सगळे नर मखमलीत, पाच-सहा जण गुण्यागोविंदाने सोयाबीनमध्ये चरताना दिसतात, तेही उजेडात. तेव्हा कॅमेरा शेताच्या कडेला. सप्टेंबर लागता लागता मखमल सुटते, लोंबत्या कातडीसकट ते झाडांना शिंगं घासतात आणि बघता बघता ती मैत्री संपते. काही नर तर मुक्कामच हलवतात. जुलै-ऑगस्टचे फोटो बघून ज्याने हंगामाचे मनोरे रचले, त्याचं ऑक्टोबरमध्ये हसं होतं.

ऑक्टोबरमध्ये कॅमेरे जंगलात न्यायचे. तिथे मला एक गोष्ट फार आवडली. नर एखादी खाली झुकलेली डहाळी निवडतो, ती तोंडात घेऊन चावतो, तिच्यावर कपाळ आणि डोळ्याजवळची ग्रंथी घासतो, मग तिच्याच खाली खुरांनी माती उकरून त्यात मुततो. ताटाएवढी, कधी घमेल्याएवढी उघडी माती. दुसरा नर येतो, वास घेतो, आपलीही सही करतो. माद्या येतात, पाडसं येतात. एका डहाळीवर कॅमेरा लावला की परिसरातल्या बहुतेक नरांची हजेरी लागते. फक्त ही हजेरी बहुतांशी रात्रीची. रात्री दोनचा फोटो एवढंच सांगतो की तो जिवंत आहे. लपणात बसणाऱ्याला त्याचा उपयोग नाही, कारण कायद्याने शिकार सूर्योदयाआधी अर्ध्या तासापासून आणि सूर्यास्तानंतर थोडा वेळ एवढीच. म्हणून आम्ही तारखेपेक्षा घड्याळ बघतो. त्याची वेळ उजेडाकडे सरकतेय का? आणि सरकतेय ती कुठल्या कॅमेऱ्यावर? तो दिवसा झोपतो कुठे, याचा अंदाज तिथून लागतो.

सगळ्यात रस आहे तो वय ओळखण्यात. नवखा माणूस शिंगं बघतो, आजोबा शिंगांवर हात ठेवून झाकतात आणि मग मला विचारतात, सांग किती वर्षांचा. दीड वर्षाचा नर म्हणजे शिंगं लावलेली मादीच: लांब पाय, बारीक मान. अडीचचाही तसाच किडकिडीत, जरा भरलेला. साडेतीनला छाती खोल होते पण पोट अजून वर ओढलेलं असतं, आणि इथेच बहुतेक लोक फसतात, कारण तो दिसतो अगदी रुबाबदार. साडेचारच्या पुढे माजाच्या दिवसांत मान इतकी फुगते की खांद्यात कुठे मिसळली ते कळत नाही, पोळ्याला सजवलेला बैल आठवतो. पोटाची आणि छातीची रेघ एक होते, म्हणून पाय आखूड वाटतात. पाठ किंचित बाकदार. यालाच इथे 'मॅच्युअर' म्हणतात आणि याच्याच मागे सगळं जग लागलेलं असतं, कारण शिंगं भरात येतात ती पाच ते सात वर्षांच्या दरम्यान. खरं वय मात्र मेल्यावरच कळतं, जबड्यातल्या दाढांच्या झिजेवरून. पक्कं हवं असेल तर दाताचा काप प्रयोगशाळेत पाठवून.

आमचाही एक आहे. डावा कान उभा चिरलेला, म्हणून मी त्याला कानफाट्या म्हणते आणि आता आजोबाही म्हणतात, त्यांच्या तोंडून ते काय भलतंच ऐकू येतं! जुलैत सोयाबीनच्या धुऱ्यावर तो रोज संध्याकाळी यायचा. मखमल गेली आणि तोही गेला. सप्टेंबरभर एकाही कॅमेऱ्यावर नाही. आजोबांना वाटलं गाडीखाली आला असेल. मला सारखा आपला जय वाघ आठवत होता. २०१६ मध्ये उमरेड-करांडल्यातून तो दिसेनासा झाला, तेव्हा तुम्ही जेवताना बोलायचाही बंद झाला होतात. आपल्या नागझिऱ्यात जन्मलेला म्हणून जरा जास्तच. कानफाट्याचं नशीब बरं. ऑक्टोबरच्या अखेरीस तो माथ्यावरच्या ओकच्या रांगेत उगवला, ओकची फळं खात, आधी मध्यरात्री, मग पहाटे, आणि परवा सकाळी सव्वाआठला. भर उजेडात, नाक जमिनीला लावून एका मादीच्या मागावर. नोव्हेंबरचे हे पंधरा दिवस माज त्यांना अक्कल गहाण टाकायला लावतो. एरवी दिवसा न हलणारा नर आपली हद्द सोडून मैलोगणती भटकतो.

आता तुम्ही विचाराल, मग रोज जाऊन कॅमेऱ्यातलं फोटोंचं कार्ड का काढत नाही? इथेच आजोबांची शिस्त तुमच्यासारखी आहे. कॅमेऱ्याकडे जायचं ते भर दुपारी, शक्यतो पाऊस येण्याच्या आधी, म्हणजे वास धुऊन जातो. रबरी बूट, हातमोजे, आणि वारा त्याच्या झोपायच्या जागेकडे वाहत असेल तर त्या दिवशी बेत रद्द. म्हातारा नर माणसाच्या वासाला भुंकत-ओरडत नाही, नुसता वाट बदलतो आणि आपल्याला पत्ताही लागत नाही. उतावळेपणाने रोज कार्ड काढणाऱ्याला फोटो भरपूर मिळतात, नर मिळत नाही.

यावर उपाय म्हणून सिमकार्डवाले कॅमेरे निघालेत, फोटो थेट फोनवर. यावरून इथे चांगलीच जुंपलेली आहे. विक्रमी शिंगांची नोंदवही ठेवणारा बून अँड क्रॉकेट क्लब, असा ताज्या फोटोचा माग काढून मारलेलं जनावर नोंदवून घेत नाही. ॲरिझोना राज्याने तर १ जानेवारी २०२२ पासून शिकारीसाठी कॅमेरे वापरायलाच बंदी केली. तिथला मुलूख कोरडा, पाणवठे मोजके आणि एकेका पाणवठ्याभोवती कॅमेऱ्यांची गर्दी. उन्हाळ्यात पाणवठ्यावर बसणं म्हणजे काय, हे तुम्हाला कोणी सांगायला नको. मला ती बंदी पटते. आमच्या माथ्यावर सिमवाला एक आहे, आजोबांच्या जावयाने हौसेने आणलेला. आजोबा त्याच्याकडे ढुंकून बघत नाहीत.

तुमचा खरा प्रश्न मला माहीत आहे: एवढं ओळखून, नाव ठेवून, वर मारायचं कशाला? त्यावर इथे ठरलेलं उत्तर मिळतं, हरणं फार झालीत, शेतं खातात, गाड्यांवर आदळतात. हे खरंच आहे. पण संख्या कमी करायची तर माद्या माराव्या लागतात, एक म्हातारा नर गेल्याने काही फरक पडत नाही. म्हणजे मोठ्या शिंगांची ही निव्वळ हौस आहे आणि तिला संवर्धनाचा टिळा लावू नये असं माझं मत. आजोबांना मी तसं सांगितलंही. ते म्हणाले, बरोबर आहे, म्हणून तर दर वर्षी आधी मादी मारतो आणि फ्रीजर भरतो. त्यातलं मटण आम्हालाही आलं होतं. चरबी अगदी कमी, आपला काळा मसाला छान धरतं. एक मात्र आहे, २००२ मध्ये या राज्यात हरणांच्या मेंदूचा एक असाध्य रोग सापडला, तो आता बराच पसरलाय. माणसाला झाल्याचं कुठे सिद्ध झालेलं नाही, तरी मारलेल्या हरणाचं डोकं तपासणीला द्यायचं आणि निकाल येईपर्यंत मटणाला हात लावायचा नाही, हा आजोबांच्या घरचा नेम. रोग पसरू नये म्हणून बहुसंख्य जिल्ह्यांत मका किंवा मीठ टाकून हरणं जमवायलाही बंदी आहे. त्यामुळे कॅमेऱ्यापुढे खाऊ टाकून फोटो मिळवायची सोय नाही, माग काढता आला पाहिजे.

कानफाट्याचे तीन फोटो दादाच्या फोनवर पाठवलेत. आजोबा म्हणतात साडेपाच वर्षांचा, मी म्हणते साडेचारच्या वर नाही, पोट अजून सुटलेलं नाही. चष्मा लावून बघा, शिंगं हाताने झाका आणि रविवारी फोन कराल तेव्हा सांगा. आजोबांनी तुमचं मत मुद्दाम मागितलंय. "वाघवाल्यांना विचार" असंच म्हणाले.

आईला सांगा, लाखोळीच्या डाळीचं पार्सल पोचलं, मोहाच्या फुलांना मात्र कस्टमवाल्यांनी अडवलं. धान कापून झाला का? दादाला म्हणावं, चुगली केल्याबद्दल बघतेच.

तुमची,
बेबी