अपघाताच्या फाईलवरचा आकडा वेळेवर वाढवा

महोदय,

"दहा वर्षांत एकही क्लेम घेतला नाही, मग आमचे पैसे गेले कुठे?" गाडीचा विमा भरताना सोलापुरात हा प्रश्न हमखास ऐकू येतो. विमा कंपनीच्या दावा विभागात मी 26 वर्षे काढली, म्हणून लिहितो. भरलेल्या हप्त्यांतला मोठा वाटा अजून द्यायच्या असलेल्या भरपाईसाठी बाजूला काढून ठेवलेला असतो. तो किती ठेवायचा, हेच सगळ्यात कठीण काम.

काच फुटली, बंपर गेला तर सर्व्हेअर येतो आणि हिशेब लवकर मिटतो. थर्ड पार्टीचे, म्हणजे आपल्या गाडीमुळे दुसऱ्या कुणाचे नुकसान झाले तर द्यायच्या भरपाईचे, तसे नसते. पुणे रोडला किंवा विजापूर रोडला अपघात झाला, तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाचे समन्स येईपर्यंत कंपनीला अनेकदा पत्ताच नसतो. समन्स आले की फाईल उघडून अंदाजे रक्कम टाकायची. आम्ही तिला 'आउटस्टँडिंग' म्हणायचो.

समजा, यंत्रमागावरचा 34 वर्षांचा कामगार गेला. पगार महिना 15,000. मागे बायको, दोन मुले, आई. सर्वोच्च न्यायालयाने 2009 आणि 2017 च्या निकालांत घालून दिलेल्या रीतीने वर्षाचे 1,80,000, त्यात भविष्यातल्या वाढीचे 40 टक्के, त्यातून स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा आणि वयानुसार ठरलेला गुणक 16. होतात 30,24,000 रुपये. शिवाय व्याज, तेही अर्ज दाखल झाल्यापासून. पण आपल्याकडे मजुरी रोख मिळते, पगाराची चिठ्ठी नसते. कोर्टाने 9,000 च धरले तर हेच 18,14,400 होतात. एकाच फाईलवर बारा लाखांचा फरक! आणि मध्यम कारचा थर्ड पार्टी हप्ता जून 2022 च्या दराने 3,416 रुपये. म्हणजे वरचा एक दावा फेडायला सुमारे 885 गाड्यांचा हप्ता लागतो.

जे अपघात घडलेत पण कळलेले नाहीत, त्यांचीही तरतूद करावी लागते. ॲक्च्युअरी, म्हणजे विम्याचे गणित मांडणारा तज्ज्ञ, मागच्या वर्षांचे दावे त्रिकोणी तक्त्यात मांडतो, पहिल्या वर्षीचा आकडा पुढे किती फुगत गेला ते बघतो आणि त्यावरून यंदाचा अंदाज बांधतो. फाईलवरचे आकडे शिळे असतील तर हा तक्ताही चुकतो. व्यावसायिक वाहनांचा थर्ड पार्टी विमा 2007 ते 2012 सर्व कंपन्यांच्या सामायिक पूलमध्ये होता. तिथली तरतूद इतकी तोकडी निघाली की 2011 मध्ये विमा नियामकाने कंपन्यांना ती वाढवायला लावली.

आमच्याच कार्यालयातली एक फाईल मला विसरता येत नाही. कव्हरच्या कोपऱ्यात पेन्सिलीने दोन लाख लिहिलेले, आणि आठ वर्षे तेच. आत पोस्टमॉर्टेम, पगाराचा दाखला, मृताच्या बायकोची उलटतपासणी, सगळे येऊन पडलेले. निकाल 19 लाखांचा लागला. फाईलवर दोनच लाख असल्याने वरून मंजुरी आणण्यातच पाच महिने गेले. ती बाई दर सोमवारी येऊन बाकावर बसायची, पाण्याची बाटली घरून आणायची.

म्हणून कंपन्यांना माझी मागणी आहे : साक्ष झाली, दाखला आला, की त्याच आठवड्यात फाईलवरचा आकडा बदला, मार्चअखेरची वाट बघू नका. गाडीमालकांनाही विनंती, अपघात झाला तर पोलिसांबरोबर कंपनीलाही त्याच दिवशी कळवा. "क्लेम घ्यायचा नाही, मग सांगायचे कशाला" म्हणून गप्प राहणारे मी शेकड्याने पाहिलेत.

— एक निवृत्त विमा कर्मचारी, सोलापूर