संवाद नसलेल्या लघुपटालाही वर्णन हवे : माहिती व प्रसारण मंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय माहिती व प्रसारण मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

विषय : प्रायोगिक लघुपटांसाठी ऑडिओ डिस्क्रिप्शन (पडद्यावरील दृश्याचे ध्वनिरूप वर्णन) व कॅप्शनची (संवाद व आवाज सांगणाऱ्या लिखित ओळींची) तरतूद करण्याबाबत.

महोदय,

दृष्टिहीन आणि कर्णबधिर प्रेक्षकांना चित्रपटगृहात चित्रपटाचा आस्वाद घेता यावा, यासाठी आपल्या मंत्रालयाने मार्च २०२४ मध्ये मार्गदर्शक तत्त्वे जाहीर केली, हे स्वागतार्हच आहे. मात्र ती कथापटांपुरती आहेत, आणि दिव्यांग शरीराचा झगडा ज्या प्रकारात सर्वांत निखळपणे दिसतो, तो मोजक्या साधनांतला प्रायोगिक लघुपट त्यांच्या कक्षेबाहेर राहिला आहे.

अशा लघुपटात कॅमेरा हलत नाही, संगीत नसते, कुणी बोलत नाही. एक माणूस व्हीलचेअरवरून पलंगावर जात असतो : ब्रेक लावतो, मध्ये फळी टाकतो, तळहात रोवून अंग उचलतो, घसरतो, पुन्हा फळी सरळ करतो. कथापटात हे दोन सेकंदांत उरकले जाईल किंवा त्याखाली व्हायोलिन वाजेल. इथे मात्र त्याला लागणारा वेळ हाच विषय असतो. दृष्टिहीन प्रेक्षकाच्या वाट्याला येते ती केवळ धाप आणि पलंगाची करकर.

लहानपणी पोलिओ झालेले प्रायोगिक चित्रपटकार स्टीफन ड्वॉस्किन १९६६ साली लंडन फिल्ममेकर्स को-ऑप या चित्रपटकारांच्या सहकारी संस्थेच्या संस्थापकांपैकी एक होते आणि त्यांनी स्वतःचे शरीरही चित्रपटाचा विषय केले. तेव्हा या परंपरेत दिव्यांग व्यक्ती कॅमेऱ्यामागेही आहे.

वर्णन लिहिणे सोपे नाही, हे मान्य. शांतता हाच ज्या चित्रपटाचा ऐवज, त्यात वर्णनकार अखंड बोलत राहिला तर चित्रपटच उरत नाही. ‘बिचारा धडपडतो’ ही दया झाली. ‘उजवा तळहात फळीवरून निसटतो’ हे वर्णन झाले. म्हणून हे काम दिग्दर्शकाने दिव्यांग सल्लागारासोबत बसूनच करायला हवे. चित्रपटांतील दिव्यांगांच्या चित्रणाबाबतच्या निपुण मल्होत्रा प्रकरणाच्या जुलै २०२४ मधील निकालात सर्वोच्च न्यायालयानेही अशा सहभागावर भर दिला आहे.

१९९० पासून भरणाऱ्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी निवडलेल्या प्रत्येक लघुपटाला ही सोय असावी आणि तिचा खर्च राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाने (एनएफडीसी) उचलावा. केवळ प्रवेशाची अट म्हणून ती लादली, तर पदरमोड करून चित्रपट करणारेच आधी बाहेर फेकले जातील. निवड समितीवर दिव्यांग चित्रपटकारही असावेत. संथ दृश्याला ‘लांबण’ ठरवण्यापूर्वी त्यांचे म्हणणे ऐकले जावे.

पुढील महोत्सवाच्या प्रवेशिका मागवण्यापूर्वी याबाबत निर्णय व्हावा, ही विनंती.

आपला विश्वासू,
एक लघुपटकार, पुणे