किश्लोव्स्की काय फक्त तीन रंगांचा?

संपादक महाशय,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला किश्लोव्स्कीवरचा लेख वाचला. एक पोलिश दिग्दर्शक तुमच्या पुरवणीत आला हेच खूप झाले, म्हणून काल गप्प बसलो. आज राहवत नाही.

पाऊण लेख 'ब्लू', 'व्हाइट', 'रेड' या 'थ्री कलर्स' चित्रपटत्रयीवर. नायिका ज्युलिएत बिनोश, 'ब्लू'ला व्हेनिस महोत्सवाचा गोल्डन लायन, कॉफीत भिजणारा तो साखरेचा खडा, सगळे साग्रसंगीत. आणि १९९३ च्या आधीची पंचवीस वर्षे? 'सुरुवातीला त्यांनी काही माहितीपट केले.' मिटले! म्हणजे पोलंडमधल्या लॉड्झच्या फिल्म स्कूलमधून १९६८ ला बाहेर पडून गृहस्थ थेट पॅरिसच्या विमानात बसले की काय? 'ब्लाइंड चान्स' १९८१ ला तयार होऊन १९८७ पर्यंत सेन्सॉरपायी अडकून पडला, त्याचे तर नावही नाही.

त्यांचे माहितीपट का सुटले, एवढे तरी सांगायचे. वॉर्साच्या रेल्वे स्थानकावर 'स्टेशन'चे (१९८०) चित्रण चालू असताना पोलिसांनी एका रात्रीची फिल्म जप्त केली. एका मुलीने आईचा खून करून तुकडे तिथल्या लॉकरमध्ये ठेवले होते, ती चुकून कॅमेऱ्यात आली असेल या आशेने. ती त्यात नव्हती. पण असती तर आपण नकळत पोलिसांचे खबरे झालो असतो, या विचाराने हा माणूस हादरला आणि माहितीपटांपासून दूर गेला. मला विचाराल तर 'रेड'मधला लोकांचे फोन चोरून ऐकणारा म्हातारा न्यायाधीश त्या स्टेशनातूनच आला आहे.

आणि 'कॅमेरा बफ'चा (१९७९) शेवट तर चक्क चुकवला आहे. त्यातला हौशी कॅमेरावाला नायक फिलिप डबा उघडून फिल्म उजेडात उधळून देतो, तिथे चित्रपट संपत नाही हो! नंतर तो घरी कॅमेरा स्वतःकडे वळवतो आणि मुलीच्या जन्मापासूनची हकिगत सांगू लागतो. सगळा चित्रपट त्या वळण्यासाठी आहे. मला हे इतके झोंबायचे कारण म्हणजे इथल्या एका फिल्म सोसायटीत नेमके फिल्म उधळल्याबरोबर पदाधिकाऱ्यांनी दिवे लावले. पडद्यावर फिलिप तोंड हलवतोय आणि माइकवरून सभागृहाचे व्यवस्थापक, चहाचे प्रायोजक, ध्वनिक्षेपकवाले यांचे मनःपूर्वक आभार! 'अहो, अजून चालू आहे,' असे मी उठून ओरडलो, तर प्रमुख पाहुण्यांनी माझ्याकडे असे पाहिले, जणू त्यांचे श्रीफळ मीच पळवले. शेवट मला पुढे डीव्हीडी मिळवून पाहावा लागला. तुमचे लेखक त्या संध्याकाळी पहिल्या रांगेत होते काय, अशी दाट शंका आहे. चहा मात्र चांगला होता, हे कबूल.

जाता जाता आणखी एक. अशा खेळांची माहिती देणारे 'आज शहरात' हे चार ओळींचे सदर तुम्ही बंद केलेत आणि तिथे राशिभविष्य ऐसपैस पसरले. किश्लोव्स्की पुन्हा लागला तर आम्हाला कळणार कसे, वृषभ राशीत बघून? सदर जमत नसेल तर राहू द्या. त्या शेवटाची दुरुस्ती तेवढी छापा, आणि कृपया आतल्या पानावर निविदांच्या खाली नको.

आपला,
एक जुना वर्गणीदार, सांगली