'अयोध्येचा राजा' लावण्याआधी

ती. आई-बाबा,
सा. नमस्कार.

रविवारी 'अयोध्येचा राजा' बघणार म्हणालात, म्हणून आधी टीव्हीचं सांगते. सराउंड बंद करा. बोलपट १९३२ चा, त्याचा आवाज मोनो आहे, सराउंडने तो पोकळ होतो. खरखर टोचली तर ट्रेबल जरासाच उतरवा. फार उतरवलात तर 'स' आणि 'श' गिळले जातील, आणि बाबा, तुम्हाला शब्द तिथूनच कळतात.

आई, 'मानापमान'ला चाली देणारे गोविंदराव टेंबे इथे स्वतः हरिश्चंद्र आहेत आणि संगीतही त्यांचंच. हिंदी चित्रपटांत पार्श्वगायन आलं १९३५ च्या 'धूपछाँव'मध्ये. त्याआधी कॅमेरा चालू असतानाच गायचं, साथीदार तिथेच, फक्त चौकटीबाहेर. सगळी मेख अंतराची. पेटीचा सूर टोकदार. ती माइकजवळ आली की गाणाऱ्याला झाकते, लांब नेली की गाणाऱ्यालाच ऐकू येत नाही. माइकपासून अंतर दुप्पट झालं की आवाजाची तीव्रता चौथाईवर येते. म्हणजे नट गाता गाता दोन पावलं सरकला तरी आवाज पडलाच. त्या काळच्या बोलपटांत गाताना पात्रं एका जागी खिळलेली दिसतात, त्याचं निम्मं कारण हे. आणि मध्येच चुकलं तर तेवढाच तुकडा बदलता येत नाही, ताल तुटतो; शॉट पहिल्यापासून.

त्यात प्रभात फिल्म कंपनीने हा बोलपट मराठीत आणि हिंदीत, असा दोनदा केला. चाल तीच ठेवली तरी शब्द बदलले की लघु-गुरू, म्हणजे ऱ्हस्व-दीर्घ अक्षरांची जागा, हलतात, समेवर (तालाच्या पहिल्या मात्रेवर) भलतंच अक्षर येऊन बसतं. अशा वेळी गाणाराच संगीतकार असला की काम सोपं. पट्टी आपल्या गळ्याची, दम कुठे घ्यायचा ते ठाऊक, जागा तिथल्या तिथे सरकवता येते. तारामतीचं तसं नाही. दुर्गा खोटे स्वतःच गायल्या आहेत, पण बाईचा गळा, पट्टी वेगळी. पेटी काढून लावून बघ. सूर दोन पट्ट्यांच्या मध्ये पडला तर पेटीवर चिडू नकोस: सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटींनी फिल्म चालवली की सूर चढतो, काळी एक ते पांढरी दोन या अंतराच्या जवळजवळ पाऊण हिश्शाने.

अभिनयाचं म्हणाल तर टेंबे तेव्हा पन्नाशीला आलेले, दुर्गाबाईंहून चोवीस वर्षांनी मोठे, आणि ते दिसतं. संवाद म्हणताना शेवटच्या रांगेतला प्रेक्षक काही डोक्यातून जात नाही त्यांच्या. गाणं सुरू झालं की मात्र खांदे सैल पडतात.

आवडलं तर त्याच वर्षीचा 'मायामच्छिंद्र' मिळवून देईन. मच्छिंद्रनाथही तेच, संगीतही त्यांचंच. पुढे १९३३ साली प्रभात कोल्हापूरहून पुण्याला गेली आणि १९३४ च्या 'अमृतमंथन'ला संगीत केशवराव भोळ्यांचं.

तुमची,
लेक